पडदा काढला की रंगमंच होत नाही

एकांनी सुचवलंय की मुंबईच्या ऑपेरा हाउससारखं ठाण्यातल्या एखाद्या जुन्या टॉकीजचं मैफलीचं सभागृह करावं. कल्पना झकास, पण उदाहरण उलटं आहे हो! गिरगावचं रॉयल ऑपेरा हाउस मुळात बांधलंच गाण्या-नाटकासाठी. १९११ मध्ये पंचम जॉर्जच्या हस्ते उद्घाटन झालं, बालगंधर्वही तिथे गायले; सिनेमा मागाहून घुसला. १९५२ मध्ये ते गोंडलच्या महाराजांनी घेतलं, १९९३ मध्ये बंद पडलं आणि २०१६ मध्ये दुरुस्त होऊन उघडलं ते पुन्हा गाण्यासाठी. म्हणजे बाई माहेरी परतली इतकंच.

बहुतेक टॉकीजचं तसं नाही. पडद्यामागे स्पीकर मावतील एवढीच जागा. विंगा नाहीत, मेकअपची खोली नाही. भिंती आवाज शोषणाऱ्या, कारण तिथे आवाज स्पीकरमधून येणार असतो. तिथे माइकशिवाय तानपुरा लावून बघा, सूर कोरडा पडतो. ढोल-गिटारवाल्यांचं मात्र अशा हॉलमध्ये छान जमेल.