मदत हवी आहे: साजिद खानची हत्तीवाली मालिका

खारघरकर:
साजिद खानची ती हत्तीची मालिका कुठे बघायला मिळेल? यूट्यूबवर दोन दिवस शोधतोय, भलतंच काहीतरी येतंय. शनिवारच्या आत हवी आहे. माहीत असेल त्यांनी प्लीज लगेच सांगा.

मीनल_का:
'हाउसफुल'वाला दिग्दर्शक ना? त्याने हत्तीवर मालिका कधी केली?

वाटसरू:
तुम्हाला 'हाथी मेरे साथी' म्हणायचंय का? तो राजेश खन्नाचा, १९७१ चा. मालिका नाही, सिनेमा आहे. ओटीटीवर शोधा.

खारघरकर:
नाही हो! 'मदर इंडिया'तला लहान बिरजू.

मीनल_का:
मग हे आधी लिहायचं ना. आता भाषा कुठली, साल कुठलं, दूरदर्शनवर लागायची की आणखी कुठे, तेही सांगून टाका.

खारघरकर:
अमेरिकेतली. साल बाबांना आठवत नाही. शनिवारी त्यांचा पंच्याहत्तरावा आहे. शाळेच्या गॅदरिंगमध्ये त्यांनी त्याच बिरजूवर चित्रित झालेलं, 'सन ऑफ इंडिया'तलं 'नन्हा मुन्ना राही हूँ' म्हटलं होतं, तेव्हापासून तो मुलगा त्यांना आपल्याच वर्गातला वाटतो. तो पुढे अमेरिकेच्या टीव्हीवर हिरो झाला असं सांगतात आणि घरात सगळे हसतात. परवा तर पाहुण्यांसमोर हसले. बाबा उठून आत गेले. मला ते बघवत नाही.

अण्णा_गिरगाव:
वडिलांचा घोटाळा होतोय. तो साबू. म्हैसूरकडचा, माहुताचा मुलगा. 'एलिफंट बॉय' १९३७ चा, मग 'थीफ ऑफ बगदाद', 'जंगल बुक'. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या हवाई दलात विमानाच्या शेपटाकडचा तोफची होता. आमचे वडील त्याच्याबद्दल भरभरून बोलायचे.

जुनी_रीळ:
अण्णा, साबू १९६३ मध्ये गेला. खारघरकर, तुमचे बाबा शंभर टक्के बरोबर आहेत. मालिकेचं नाव 'माया'. एनबीसी या अमेरिकन वाहिनीवर सप्टेंबर १९६७ ते फेब्रुवारी १९६८, शनिवारी लागायची, एकूण १८ भाग, चित्रीकरण भारतात. वडिलांना शोधत फिरणारा अमेरिकन मुलगा म्हणजे जे नॉर्थ, त्याच्या सोबतचा राजी म्हणजे साजिद, आणि माया ही हत्तीण. त्याआधी १९६६ मध्ये एमजीएमचा याच नावाचा सिनेमा आला होता, त्यातही हीच जोडी.
साजिदला 'मदर इंडिया'चे दिग्दर्शक मेहबूब खान आणि त्यांची पत्नी सरदार अख्तर यांनी दत्तक घेतलं होतं. 'सन ऑफ इंडिया' (१९६२) पडला, १९६४ च्या मे महिन्यात, नेहरू गेले त्याच्या दुसऱ्याच दिवशी मेहबूब गेले. पोरगा तेव्हा बारा वर्षांचा. तीन वर्षांत तो अमेरिकेतल्या शाळकरी मुलींच्या मासिकांत झळकत होता! गाण्यांची तबकडी निघाली, 'बिग व्हॅली' या अमेरिकन मालिकेत काम मिळालं, पुढे फिलिपिन्समध्ये तिथली नटी नोरा ऑनर हिच्याबरोबर सिनेमे. इथे परतल्यावर मात्र हिंदीत जम बसला नाही. 'हीट अँड डस्ट'मध्ये (१९८३) दरोडेखोरांचा सरदार आहे, तो हाच. हे सगळं आपल्याकडे कुणाच्या गावीही नाही, याचं मला फार वाईट वाटतं.

अण्णा_गिरगाव:
असेल. पण वाट साबूने पाडली. साबू नसता तर साजिदला तिकडे कोण विचारणार होतं?

जुनी_रीळ:
दोघांना हत्तीशेजारीच उभं केलं, एवढंच साम्य. साजिदकडे 'मदर इंडिया' होता.

सूरश्री:
'नन्हा मुन्ना राही हूँ' लताबाईंचं ना?

वाटसरू:
नाही, शांती माथूर. शब्द शकीलचे, संगीत नौशाद. 'मदर इंडिया'चं ऑस्करही थोडक्यात हुकलं होतं, त्यावर खरं तर वेगळा धागा हवा.

मीनल_का:
मूळ प्रश्न राहिलाच. खारघरकर, साजिद खान हे नाव टाकूच नका, नवा दिग्दर्शकच येत राहील. रोमन लिपीत माया, १९६७, जे नॉर्थ असं टाकून बघा.

खारघरकर:
मिळाली!! अख्खा भाग नाही, सुरुवातीची नावं आहेत. त्यात तो हत्तीवर बसलेला दिसतो. शनिवारी सगळ्यांसमोर टीव्हीवर लावतो. जुनी_रीळ, मीनलताई, मनापासून आभार.
एक विचारू? तो डिसेंबर २०२३ मध्ये केरळात गेला, हे आत्ता वाचलं. बाबांना माहीत नाही. सांगू का?

जुनी_रीळ:
सांगा. त्यांना नंतर दुसऱ्या कुणाकडून कळायला नको.

सूरश्री:
सांगा, पण रविवारी.

अण्णा_गिरगाव:
माझंही तेच मत. वाढदिवशी फक्त हत्ती. आणि वडिलांना गाणं म्हणायला लावा, अख्खं पाठ असेल बघा.