ट्रेलरमधली शेगडी मंद जळतेय: कोणता रेग्युलेटर घ्यावा?

नमस्कार मंडळी,

आम्ही गाडीमागे जोडून न्यायचा, आत राहायची सोय असलेला जुना ट्रेलर घेतलाय, शनिवारी अमेरिकेतल्या येलोस्टोन राष्ट्रीय उद्यानाला निघतोय. काल त्यातल्या शेगडीवर चहा टाकला तर ज्योत मंद, आणि दुसरा बर्नर लावला की पहिला विझायलाच येतो. २० पौंडांची टाकी कालच भरून आणली आहे. गणपतीच्या महाप्रसादाला जी मोठी शेगडी वापरतो तिचा लाल, चावी फिरवून दाब वाढवायचा रेग्युलेटर घरी आहे. आटे जुळतात. तो लावू का?

---

ताई,

कृपा करून लावू नका. आटे जुळले म्हणून दाब जुळत नाही. उन्हाळ्यात प्रोपेनच्या टाकीत सव्वाशे ते दीडशे पीएसआय (दर चौरस इंचावर इतके पौंड) दाब असतो. ट्रेलरमधली शेगडी, फ्रीज, गिझर, हीटर, सगळ्यांना लागतो फक्त ११ इंच पाण्याच्या उंचीएवढा, म्हणजे ०.४ पीएसआय. भारतातल्या घरगुती गॅसचा रेग्युलेटरही ३० मिलिबार, म्हणजे जेमतेम १२ इंच देतो. तुमचा लाल रेग्युलेटर २० पीएसआयपर्यंत जात असेल, तर तो दाब लागतो त्याच्या पन्नासपट झाला. शेगडीचे व्हॉल्व त्यासाठी बनलेलेच नाहीत. तो मोकळ्या अंगणातल्या मोठ्या बर्नरलाच ठेवा.

दुसरा बर्नर लावताच पहिला मंदावतो, म्हणजे गॅस पुरेसा येतच नाही. टाकीचा व्हॉल्व झटकन उघडलात का? हाताने घट्ट करायच्या प्लॅस्टिकच्या जोडात एक सुरक्षा-झडप असते. गॅस एकदम धावला की तिला नळी फुटल्यासारखं वाटतं आणि ती अगदी थोडाच गॅस सोडते. सगळे बर्नर आणि टाकी बंद करा, दोन-तीन मिनिटं थांबा, मग टाकी सावकाश उघडा.

तरीही रडलं तर रेग्युलेटरवरची तारीख बघा. १०-१५ वर्षं झाली असतील तर बदलाच. घेताना दोन टप्प्यांचाच घ्या: पहिला टप्पा दाब दहा-पंधरा पीएसआयवर आणतो, दुसरा ११ इंचांवर. एका टप्प्याच्या रेग्युलेटरमध्ये टाकीतला दाब थंडी-उन्हाने वरखाली झाला की ज्योतही हलते. येलोस्टोनच्या रात्री गार असतात, तिथे हा फरक जाणवेल. सगळ्या उपकरणांच्या बीटीयूची (उष्णता मोजायचं एकक, उपकरणावर लिहिलेलं असतं) बेरीज करून रेग्युलेटरची क्षमता त्याहून जास्त आहे ना, तेही पाहा. दोन टाक्या असतील तर एक संपताच दुसरीवर आपोआप जाणारा मिळतो. पहाटे हीटर बंद पडत नाही, मुलं बरोबर असली की त्याचं मोल कळतं.

रेग्युलेटरचं श्वासछिद्र, म्हणजे हवा आत-बाहेर जायचं छोटं भोक, खाली तोंड करून बसवा, रेग्युलेटरवर झाकण हवं. प्रत्येक जोडाला साबणाचं पाणी लावून बुडबुडे येतात का ते बघा, आणि शेवटी मॅनोमीटरने (गॅसचा दाब मोजायच्या यंत्राने) दाब तपासून घ्या. हे दुकानातल्या गॅसच्या माणसाकडून करून घेतलंत तर मला बरं वाटेल.

---

काका,

टाकी सावकाश उघडली आणि दोन्ही बर्नर निळे पेटले! पण रेग्युलेटरवर २००६ चा शिक्का निघाला. दोन टप्प्यांचा मागवलाय, शुक्रवारी दुकानातला माणूस बसवून दाब मोजून देणार आहे. लाल रेग्युलेटर मंडळाच्या पेटीत परत ठेवलाय.