कँडोक्युरोनियम आयोडाइड : नावाचा अर्थ काय, आणि हे औषध कुठेच का दिसत नाही?

प्रश्न – तृतीयवर्ष_बीफार्म

नमस्कार. औषधी रसायनशास्त्राच्या अभ्यासात स्नायू शिथिल करणाऱ्या औषधांचा एक तक्ता आहे. त्यात पॅनक्युरोनियम, व्हेक्युरोनियम आणि रोक्युरोनियम यांच्या ओळीत कँडोक्युरोनियम आयोडाइड हे नाव येते आणि त्यापुढे ‘पूर्वीचे चँडोनियम आयोडाइड’ एवढाच खुलासा आहे. बाकीच्या औषधांची माहिती हवी तेवढी मिळते, पण या औषधाचे नाव मी ना कोणत्या रुग्णालयात ऐकले, ना औषधांच्या ठोक बाजारात. या नावाचा उगम काय, ते का बदलले आणि औषध मागे का पडले, हे कोणी सविस्तर सांगू शकेल काय?

उत्तर १ – निवृत्त_प्राध्यापक_औषधी_रसायन

हे नाव शेवटाकडून सुरुवातीकडे वाचावे, म्हणजे त्याची रचना लवकर ध्यानात येते.

‘आयोडाइड’ हा क्षाराचा भाग आहे. रेणूतील नायट्रोजनवर मिथिल आयोडाइडची क्रिया केली की नायट्रोजन धनभारित होतो आणि त्याच्या जोडीला ऋणभारित आयोडाइड उरतो. पॅनक्युरोनियम ब्रोमाइडमध्ये त्या जागी ब्रोमाइड असतो, इतकाच फरक.

‘ओनियम’ हा अंश अमोनियम या शब्दाशी नाते सांगतो. नायट्रोजनला चार कार्बन जोडलेले आहेत आणि त्यामुळे त्यावर कायमचा धनभार आहे, ही गोष्ट तो सुचवतो. या वर्गातील औषधांचे बरेचसे गुणधर्म या भारातूनच निघतात. भारित रेणू आतड्यातून रक्तात जवळजवळ शोषला जात नाही, म्हणून ही औषधे शिरेतूनच द्यावी लागतात. तो मेंदूत सहजी शिरत नाही, म्हणून रुग्णाचे स्नायू पूर्ण लुळे पडले तरी त्याची शुद्ध जात नाही आणि वेदनाही थांबत नाही. भूल वेगळी द्यावी लागते, ती याच कारणाने.

‘क्युर’ हा अंश क्युरारेवरून आला आहे. ॲमेझॉन आणि ओरिनोको या नद्यांच्या खोऱ्यांतील आदिवासी शिकारी बाणांना जे वनस्पतिजन्य विष लावीत, ते क्युरारे. त्याने मेलेल्या जनावराचे मांस खाणाऱ्याला बाधत नसे आणि त्याचेही कारण वर सांगितलेला धनभारच आहे. बांबूच्या नळ्यांत साठवलेल्या क्युरारेच्या एका जुन्या नमुन्यातून हॅरॉल्ड किंग यांनी १९३५ मध्ये लंडनमध्ये जे शुद्ध द्रव्य वेगळे केले, त्याला नळीवरूनच ट्युबोक्युरारीन हे नाव मिळाले. पुढे जानेवारी १९४२ मध्ये माँट्रियल येथे ग्रिफिथ आणि जॉन्सन यांनी शस्त्रक्रियेच्या वेळी क्युरारेच्या अर्काचा वापर केला आणि भूलशास्त्रात स्नायू शिथिलकांचे युग सुरू झाले. यांपैकी ज्या औषधांचा सांगाडा स्टेरॉइडचा, म्हणजे एकमेकांना जोडलेल्या चार कड्यांचा आहे, त्यांच्या नावाच्या शेवटी ‘क्युरोनियम’ येते, तर ॲट्राक्युरियम, मिव्हाक्युरियम अशा वेगळ्या सांगाड्याच्या औषधांच्या शेवटी ‘क्युरियम’ येते.

उरला ‘कँडो’. त्याचे मूळ चंडीगढ या शहरात आहे. हे संयुग पंजाब विद्यापीठाच्या चंडीगढ येथील औषधनिर्माणशास्त्र विभागात प्रा. हरकिशन सिंग यांच्या प्रयोगशाळेत तयार झाले. तेथे त्याचा सांकेतिक क्रमांक एचएस-३१० असा होता आणि शहराच्या नावावरून त्याला चँडोनियम म्हटले जाऊ लागले. आंतरराष्ट्रीय स्तरावर औषधांची मालकीरहित नावे जागतिक आरोग्य संघटना ठरवते आणि त्यासाठी तिचे काही नियम आहेत. एकाच वर्गातील औषधांच्या नावांत समान अंश असावा, हा त्यांतील मुख्य नियम; तो पाळण्यासाठी ‘ओनियम’च्या जागी ‘क्युरोनियम’ आले. नावे जगभर सारखी उच्चारता यावीत म्हणून रोमन लिपीतील ‘एच’ आणि ‘के’ ही अक्षरे शक्यतो टाळावीत, असेही त्या नियमांत सांगितले आहे. चंडीगढच्या रोमन स्पेलिंगमधील ‘सी’नंतरचा ‘एच’ गळाला की ‘चँ’चा ‘कँ’ होतो. नियम आपल्या जागी योग्यच आहे, परंतु त्यामुळे नवीन नाव वाचणाऱ्याला चंडीगढची शंकासुद्धा येत नाही, याची मला थोडी हळहळ वाटते.

रसायनशास्त्राच्या विद्यार्थ्याने आणखी एक गोष्ट पाहावी. पॅनक्युरोनियममध्ये दोन्ही नायट्रोजन स्टेरॉइडच्या सांगाड्याला बाहेरून जोडलेल्या कड्यांत आहेत. कँडोक्युरोनियममध्ये एक नायट्रोजन तिसऱ्या स्थानावरील पायरोलिडीनच्या कड्यात आहे आणि दुसरा खुद्द सांगाड्याच्या चौथ्या कड्यातच गोवलेला आहे. त्यासाठी ते पाच अणूंचे कडे वाढवून सहा अणूंचे केले आहे. अशा संयुगांना ॲझास्टेरॉइड म्हणतात. दोन्ही रेणूंची आकृती शेजारीशेजारी हाताने काढून पाहा.

उत्तर २ – भूलतज्ज्ञ_सोलापूर

नावाविषयी प्राध्यापकमहोदयांनी लिहिल्यानंतर भर घालण्यासारखे काही उरलेले नाही. औषध मागे का पडले, याविषयी लिहितो.

शस्त्रक्रियागृहात श्वासनलिकेत नळी घालायची असते, तेव्हा जबडा, घसा आणि स्वरतंतू पूर्ण सैल पडावे लागतात आणि तेही झटपट. पोट रिकामे नसलेल्या रुग्णाच्या बाबतीत तर एकेक सेकंद मोलाचा असतो. या कामासाठी सक्सामेथोनियम, म्हणजे आम्ही रोज ज्याला स्कोलीन म्हणतो ते औषध, फार जुने आणि हुकमी आहे. साधारण एका मिनिटात ते परिणाम दाखवते आणि काही मिनिटांतच तो ओसरतो. पण ते आधी स्नायूंना उत्तेजित करते आणि मग लुळे पाडते. इंजेक्शन दिल्यावर पापण्यांपासून पायांपर्यंत स्नायूंची थरथर डोळ्यांना दिसते, शुद्धीवर आल्यावर रुग्ण अंग ठणकत असल्याची तक्रार करतो आणि भाजलेल्या किंवा दीर्घकाळ लुळ्या पडलेल्या रुग्णांमध्ये रक्तातील पोटॅशियम धोकादायक पातळीवर जाऊ शकते. शिवाय रक्तातील ज्या विकराने (एन्झाइमने) त्याचे विघटन होते, तो काही जणांमध्ये जन्मतःच सदोष असतो. आपल्याकडे आर्य वैश्य समाजात हा दोष इतरांपेक्षा अधिक आढळतो. अशा रुग्णाला स्कोलीन दिल्यास काही मिनिटांचे काम काही तासांवर जाते आणि तोवर त्याला कृत्रिम श्वासावर ठेवावे लागते.

म्हणून स्कोलीनइतक्या वेगाने काम करणारे आणि तितक्याच लवकर ओसरणारे, पण स्नायूंना आधी उत्तेजित न करणारे औषध जगभर शोधले जात होते आणि चँडोनियम हा त्याच शोधाचा भाग होता. त्याच्या क्रियेचा अभ्यास ग्लासगोच्या स्ट्रॅथक्लाइड विद्यापीठात इयान मार्शल यांच्याकडे झाला आणि १९७४ मध्ये या ॲझास्टेरॉइडांची माहिती प्रसिद्ध झाली. प्राण्यांवरील प्रयोगांत ते लवकर सुरू होणारे आणि कमी वेळ टिकणारे ठरले. पुढे भारतात रुग्णांवरही त्याच्या चाचण्या झाल्या.

त्याची अडचण हृदयाशी होती. हृदयाची गती आवरून धरणारी व्हेगस ही चेता असते. चेता आणि स्नायू यांच्या संगमावर जे ॲसिटाइलकोलीन हे संदेशवाहक रसायन काम करते, तेच व्हेगसच्या टोकाशी हृदयावरही काम करते. ते झेलणारे ग्राहक (रिसेप्टर) मात्र दोन्हीकडे वेगळ्या प्रकारचे असतात. चांगल्या शिथिलकाने स्नायूंकडचे ग्राहक अडवावेत आणि हृदयाकडच्यांना हात लावू नये. पॅनक्युरोनियमला हे नीट साधत नाही, चँडोनियमलाही साधले नाही आणि नाडी वाढू लागली. हृदयविकाराच्या रुग्णाला ऐन शस्त्रक्रियेत वाढलेली नाडी परवडत नाही. हा दोष काढण्यासाठी चंडीगढच्याच प्रयोगशाळेत त्या रेणूत फेरफार करून पुढची संयुगेही तयार करण्यात आली, पण त्यांपैकी एकही बाजारापर्यंत पोहोचले नाही.

दरम्यान पॅनक्युरोनियमच्या रेणूतील एक मिथिल गट कमी केल्यावर नाडीचा दोष जवळजवळ नाहीसा होतो, हे ध्यानात आले आणि व्हेक्युरोनियम तयार झाले. त्याच सुमारास ॲट्राक्युरियमही वापरात आले. ते स्टेनलेक यांच्या गटाने त्याच स्ट्रॅथक्लाइड विद्यापीठात घडवलेले होते आणि त्याचे विघटन यकृत-मूत्रपिंडांवर फारसे अवलंबून नसते. ही दोन औषधे हाताशी आल्यावर नाडी वाढवणारा आणखी एक शिथिलक कोणी कशाला घेईल? स्कोलीनची जागा घेण्याच्या शर्यतीत इतरांचेही हाल झाले; रापाक्युरोनियम १९९९ मध्ये बाजारात आले आणि श्वासनलिकांच्या तीव्र आकुंचनामुळे २००१ मध्ये मागे घ्यावे लागले. आज ती जागा बऱ्याच अंशी रोक्युरोनियमने घेतली आहे, कारण सुगामाडेक्स हे उतारा-औषध दिले की रोक्युरोनियमचा रेणू त्याच्या पोकळीत अडकून निष्प्रभ होतो आणि स्नायू लवकर पूर्ववत होतात.

तृतीयवर्ष_बीफार्म

आपणा दोघांचे मनापासून आभार. एक शंका राहिली. कंबरदुखीसाठी थायोकोल्चिकोसाइडच्या गोळ्या लिहून दिल्या जातात आणि त्यांनाही दुकानात ‘मसल रिलॅक्सन्ट’च म्हणतात. ही औषधे याच वर्गातील समजावीत काय?

उत्तर ३ – रुग्णालय_फार्मासिस्ट

मुळीच नाही आणि हा घोळ जीवघेणा ठरू शकतो. थायोकोल्चिकोसाइड, टिझॅनिडिन, बॅक्लोफेन ही औषधे मेंदू आणि मज्जारज्जूवर काम करून स्नायूंचा ताठरपणा कमी करतात. ती घेतलेला माणूस स्वतः श्वास घेत असतो. क्युरोनियम वर्गातील औषध छातीचे स्नायू आणि श्वासपटलदेखील बंद पाडते, त्यामुळे कृत्रिम श्वास देण्याची तयारी नसेल तेथे ते देताच येत नाही. आमच्याकडे रोक्युरोनियम आणि ॲट्राक्युरियमच्या कुप्या फ्रिजमध्ये इतर इंजेक्शनांपासून वेगळ्या, झाकणाच्या डब्यात ठेवलेल्या असतात आणि डब्यावर लाल अक्षरांत ‘श्वास बंद पाडणारे औषध’ असे लिहिलेले असते. परिचारिकेने घाईत भलतीच कुपी उचलू नये, यासाठी ही काळजी घेतलेली आहे.

उत्तर ४ – निवृत्त_प्राध्यापक_औषधी_रसायन

फार्मासिस्टमहोदयांशी पूर्ण सहमत आहे. विद्यार्थ्याला या औषधावर टिपण लिहायचे असल्यास त्याने हरकिशन सिंग यांच्या उत्तरायुष्यातील कामाकडेही पाहावे. प्रयोगशाळेतून निवृत्त झाल्यावर ते भारतातील औषधनिर्माणशास्त्राच्या इतिहासाकडे वळले आणि त्या विषयावर त्यांनी अनेक खंड लिहिले. २०१७ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली आणि २०२० मध्ये त्यांचे निधन झाले.

जुने शोधनिबंध शोधताना केवळ ‘कँडोक्युरोनियम’ हे नाव घातले तर फारच थोडे हाती लागेल. सुरुवातीच्या कामात ‘चँडोनियम’ आणि ‘एचएस-३१०’ हीच नावे वापरलेली आहेत. शोध घेताना ‘चँडोनियम’च्या रोमन स्पेलिंगमध्ये ‘एच’ ठेवायला विसरू नये.