'कार्टूनच तर आहे!' : लहानपणी टीव्हीवर काय बघून घाबरला होतात?

१९९३ साल. रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'जंगल बुक' लागायचं. आमच्या रामबागेतल्या घरी ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही, त्यामुळे शेरखानचे डोळे पांढरेफटक दिसत. पण खरी भीती आवाजाची. खरखरीत, जराही घाई नसलेला. रात्री अंगण ओलांडून संडासाला जाताना तो पाठीमागून यायचा. आईला सांगितलं तर म्हणाली, "अगं, कार्टूनच तर आहे!" पुढे कळलं, तो आवाज नाना पाटेकरांचा. तरी आजही अचानक कानावर पडला की मी मागे वळून बघते. इंदूरकरांनो, तुम्ही कशाला घाबरलात? आणि ते कुणाला सांगता आलं का? जरूर लिहा.

•

लोकमान्य नगर. ठरावीक वेळ झाली की कार्टून नेटवर्क बंद होऊन त्याच चॅनलवर टीएनटी, म्हणजे जुने इंग्रजी सिनेमे, सुरू व्हायचं. आत्ता जेरी पळत होता आणि एकदम काळीपांढरी माणसं इंग्रजीत बोलायला लागली. मला वाटे, यांनीच टॉम-जेरीला कुठेतरी कोंडलंय.

•

मला फिट आली होती. अंधाऱ्या खोलीत टीव्हीला अगदी चिकटून बसलो होतो. पडद्यावर लखलखाट झाला, पुढचं आठवत नाही. जाग आली तेव्हा तोंडात रक्ताची चव, आणि मामा नाकाशी कांदा धरून बसलेला. घरच्यांनी बाहेरची बाधा समजून दृष्ट काढली, उतारे टाकले. पुष्कळ वर्षांनी १६ डिसेंबर १९९७बद्दल वाचलं. जपानमध्ये पोकेमॉनच्या एका भागात लाल-निळा उजेड भराभर चमकला आणि ६८५ जणांना ॲम्ब्युलन्सनं दवाखान्यात न्यावं लागलं, बहुतेक मुलंच. वाचता वाचता रडू आलं. कृपा करून मुलांना टीव्हीपासून लांब बसवा, खोलीतला दिवा चालू ठेवा.

•

'करेज' या भित्र्या कुत्र्याच्या कार्टूनचा रामसिस राजावाला भाग. रात्री घराबाहेर तो हाडकुळा राजा उभा, आणि आपली शिळा परत मागतोय. तेवढ्यात आमच्याकडे लाइट गेली. त्याच आठवड्यात महेश्वरच्या घाटावरून मी एक गुळगुळीत दगड खिशात घालून आणला होता. आता महेश्वरला कोण नेणार? कुणाला काही न बोलता तो देवघरात बाणाशेजारी, म्हणजे शंकर म्हणून पुजतात त्या नर्मदेतल्या गोट्याशेजारी, ठेवला आणि पांघरुणात शिरलो. सकाळी आजीनं एक शब्द न विचारता बाणाबरोबर त्यालाही आंघोळ घातली, गंध लावलं. अजून आहे तिथे.