वावराच्या दाव्यात अपिलाची मुदत निघून गेली, आता काय करू?

कळमेश्वरची लेक
नमस्कार. मी नागपुरात मानेवाड्याला राहते, माहेर कळमेश्वर तालुक्यातलं. बाबांचं अडीच एकर वावर आहे, धुऱ्यावर आंब्याची दोन झाडं. आमच्या आजोबांनी ते १९७१ साली माझ्या वडिलांना विकलं होतं, असं म्हणत शेजारच्यानं मालकीचा आणि ताब्याचा दावा लावला. बाबा स्वतः प्रत्येक पेशीला जायचे. २०२२ च्या दिवाळीनंतर त्यांना लकवा मारला आणि आम्ही सगळे दवाखान्यातच अडकलो. वकीलसाहेबांना फोन केला की म्हणत, "तारीख पडली, काळजी करू नका." ऑगस्ट २०२३ मध्ये बाबा गेले.

१० जानेवारी २०२५ ला फेरफाराची (वावराच्या नोंदीत नाव बदलण्याची) नोटीस आली तेव्हा कळलं की दावा १७ मार्च २०२३ लाच आमच्या विरोधात गेला आहे. मी तर घाबरूनच गेली. निकालाची नकल परवा हातात आली. गावातले म्हणतात, प्रांत साहेबांकडे फेरफाराविरुद्ध लढा, तेवढं पुरे. जावयाच्या ओळखीचे एक जण म्हणतात, दोन वर्षांनी कोर्ट ऐकत नाही. वावरात हरभरा उभा आहे. आई रोज विचारते, आपण काढायचा की तो नेईल?

निवृत्त नायब तहसीलदार
बाई, प्रांतांकडे जाऊन मालकी परत येत नाही. फेरफार ही महसुलापुरती नोंद आहे. दिवाणी कोर्टाचा हुकूमनामा उभा आहे तोवर महसूल अधिकारी त्याच्या विरुद्ध जाऊ शकत नाही. नोटिशीवर लेखी हरकत द्या. नोंद मंजूर झालीच तर जमीन महसूल अधिनियमाच्या कलम २४७ खाली ६० दिवसांत अपील करा. पण खरी धाव जिल्हा न्यायालयाकडे घ्या. प्रांत, अप्पर जिल्हाधिकारी, आयुक्त असे फिरता फिरता दिवाणी अपील हातचं घालवलेली माणसं मी नोकरीत फार पाहिली. त्यांचे चेहरे अजून आठवतात.

सिव्हिल लाइन्समधला वकील
ताई, दोन वर्षांनी कोर्ट ऐकतच नाही, हे खरं नाही. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस, उच्च न्यायालयात ९०. त्यानंतर मुदतीच्या कायद्याचं कलम ५: पुरेसं कारण दाखवलं तर उशीर माफ होतो. १९९८ च्या बालकृष्णन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ८८३ दिवसांचा उशीर माफ होऊ दिला, आणि तिथेही पक्षकाराचं म्हणणं वकिलाने फसवलं असंच होतं. उलट २०२४ मध्ये एका भूसंपादनाच्या अपिलात ५६५९ दिवसांचा उशीर माफ केला नाही. किती दिवस गेले यापेक्षा ते का गेले, हे पटलं पाहिजे.

तुमच्या उशिराचे तीन तुकडे पडतात. मार्च ते ऑगस्ट २०२३ ला दवाखान्याचे कागद आणि मृत्यूचा दाखला आहे. १० जानेवारीनंतरचा प्रत्येक आठवडा तारखेनिशी लिहा: नकलेचा अर्ज कधी दिला, नकल कधी मिळाली. नकलेचे दिवस एरवी मुदतीतून वजा होतात, पण तुमचा अर्ज मुदत संपल्यानंतरचा, म्हणून ती वजावट धरू नका. मधले सतरा महिने ही कच्ची बाजू. बाबा गेल्यावर तुम्ही काय चौकशी केली, ई-कोर्टच्या वेबसाइटवर दावा का पाहिला नाही, हे विचारतीलच. नुसतं "वकिलाने सांगितलं नाही" म्हणून भागणार नाही.

आणखी एक. अपिलासोबतच विलंब माफीचा अर्ज आणि शपथपत्र द्यावं लागतं (आदेश ४१, नियम ३अ). अपील ऐकायचं असं कोर्ट ठरवत नाही तोवर दरखास्तीला (निकाल अमलात आणण्याच्या अर्जाला) स्थगिती मिळत नाही. म्हणून हरभऱ्याचं आजच सांगता येत नाही. समोरच्याने ताब्याची दरखास्त लावली आहे का, हे आधी तपासा. हा आठवडा वाया घालवू नका.

उमरेडकर
आमचा अकरा महिन्यांचा उशीर माफ झाला, समोरच्याला खर्च देण्याच्या अटीवर. पहिल्या अर्जात मी फक्त "आईच्या आजारपणामुळे" एवढंच लिहिलं होतं. न्यायाधीशांनी विचारलं, कोणता आजार, कधीपासून, घरात दुसरं कोणी नव्हतं का? मला एकही उत्तर नीट देता आलं नाही. मग तारखांसकट नवं शपथपत्र दिलं. ताई, पैशाची अडचण असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. बाईला तिथे उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. हेल्पलाइन १५१००.

कळमेश्वरची लेक
सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री भावाचा फोन चाळला. वकीलसाहेबांचा एप्रिल २०२४ चा व्हॉट्सॲप मेसेज आहे: "पुढची पेशी १४ जून." म्हणजे निकाल लागून वर्ष झालं होतं, तरी! १४ जूनला भाऊ गेला होता, तर कोर्टाच्या आवारात सांगितलं, आज बोर्डावर नाही, परत जा. याचा उपयोग होईल का?

सिव्हिल लाइन्समधला वकील
होईल, फार होईल. कच्च्या तुकड्याला हाच आधार. मेसेज पुसू नका, फोन बदलू नका. प्रिंटसोबत साक्ष अधिनियम २०२३ च्या कलम ६३ चं (फोनमधल्या पुराव्यासाठीचं) प्रमाणपत्र लागेल. १४ जूनला काय झालं याचं शपथपत्र भावानेच द्यावं. आणि अपिलात आई, तुम्ही, भाऊ, सगळ्या वारसांची नावं घ्या.

कळमेश्वरची लेक
भाऊ आज रात्रीच्या गाडीने येतो आहे. उद्या अकराला आईला घेऊन आम्ही तिघं कोर्टात पोचतो. दवाखान्याची फाईल आईच्या ट्रंकेत सापडली, डिस्चार्ज कार्डासकट.