चार नट जुळले म्हणजे चाक बसलं का हो?

गॅरेजसमोरचा कट्टा

जुन्या डिझायरच्या स्टीलच्या रिमा काढून अलॉय टाकायचे आहेत, काय बघू, असं परवा एकाने विचारलं होतं. त्यावर बिनधास्त सारथी यांचं उत्तर: ‘चार नटांची गाडी, चार नटांचं अलॉय. पंधरा इंची सांगा आणि बसवून घ्या. पीसीडी, ऑफसेट ही सगळी दुकानदारांची पोपटपंची.’ खाली ढीगभर अंगठे. तिथे दोन ओळींत उत्तर देणार होतो, पण डोकं फिरलं म्हणून वेगळा धागा.

अहो सारथी, चार नट जुन्या फिगोलाही आहेत आणि पॅलिओलाही चार बोल्ट होते. पीसीडी म्हणजे हे ज्या वर्तुळावर बसतात त्याचा व्यास. डिझायरचे नट १०० मिमीच्या वर्तुळावर, फिगोचे १०८ च्या, पॅलिओचे ९८ च्या. १०८ वालं निदान बसतच नाही, पोरगा वैतागून परत ठेवून देतो. खरी भीती ९८ ची. दोन मिलिमीटर डोळ्यांना दिसत नाहीत. नट जरा तिरके होऊन धरतात, पान्याला घट्टही लागतात, आणि पोरगा म्हणतो ‘बसलं साहेब’.

बरं, पीसीडी जुळलं. पुढे? होंडा सिटी ४×१००, म्हणजे चार नट १०० मिमीच्या वर्तुळावर, डिझायरही ४×१००. पण सिटीच्या चाकाचं मधलं भोक ५६.१ आणि डिझायरचा हब, म्हणजे चाक ज्यावर चढतं तो गाडीचा गोल भाग, ५४.१. चाक चढतं, पण हबवर टेकत नाही, चारी बाजूंनी एकेक मिलिमीटर फट राहते. बाजारच्या अलॉयला तर ६७.१ नाहीतर ७३.१ चं भोक असतं, एकच माल सगळ्या गाड्यांना खपावा म्हणून. ती फट भरायला मधे रिंग घालायची असते. मागितल्याशिवाय ती कोणी देत नाही.

आणि ऑफसेट, म्हणजे चाकाची हबला टेकणारी बाजू रिमच्या मध्यापासून किती बाहेर आहे ते. समजा मूळ रिम ५.५ जे (रुंदी इंचांत), ईटी ४५ (ऑफसेट मिमीत). दुकानदाराने दिली ७ जे, ईटी ३५, ‘रुंद दिसते साहेब, भारी दिसते’. बाहेरची कड २९ मिमी बाहेर गेली, आतली ९ मिमी आत. मोकळी गाडी दुकानासमोर गोल फिरवली की सगळं छान. मागे तीन माणसं, डिकीत गावाकडचं धान्य आणि समोर गतिरोधक आला की मग चाकाच्या कमानीतून खर्रर्र.

ज्याने विचारलं होतं त्याच्यासाठी सोपं उत्तर: आपल्याच गाडीच्या वरच्या मॉडेलचं चाक घ्या. त्या पिढीच्या व्हीएक्सआयला १६५/८० आर १४ (रुंदी १६५ मिमी, भिंत तिच्या ८० टक्के, रिम १४ इंच), वरच्या झेडएक्सआयला १८५/६५ आर १५. बाहेरचा व्यास ६१९.६ आणि ६२१.५ मिमी. स्पीडोमीटरलाही पत्ता लागत नाही.

बिनधास्त सारथी

माझं नाव घेऊन धागा काढल्याबद्दल आभारी आहे. टीआरपी लागतो का तुम्हाला?

माझ्या ग्रँड आय१० वर बाजारचे अलॉय आहेत. रिंग नाही, फिंग नाही. पुणे-कोल्हापूर-गोवा कितीदा झालं असेल, आंबोलीतून चढलीय, उतरलीय. चाक निघालं का? नाही. नव्वदच्या पुढे स्टिअरिंग जरा हलतं, पण ते बॅलन्सिंगचं आहे. दोनदा करून घेतलं. आपले रस्तेच तसे, त्याला अलॉय काय करणार?

तुमच्यासारखे लोक पोराला सायकल घेतानाही कॅलिपर घेऊन जात असतील.

गॅरेजसमोरचा कट्टा

‘नव्वदच्या पुढे स्टिअरिंग जरा हलतं.’ दोनदा बॅलन्सिंग करूनही. मी आता काही बोलत नाही, तुमचा प्रतिसादच फ्रेम करून लावतो.

डिप्लोमा मेकॅनिकल

कट्टेकर, तुम्हीही फार ताणू नका. शंकूच्या आकाराचा नट चाकाला आपोआप मध्यावर आणतो. गाडीचं वजन रिंग उचलत नाही. नट आवळल्यावर चाक आणि हबच्या चकतीत जे घर्षण तयार होतं त्यावर सगळा भार असतो. म्हणून तर प्लास्टिकच्या रिंगा चालतात. चाक जॅकवर असताना, टेकवायच्या आधी, नट समोरासमोरच्या क्रमाने थोडे थोडे आवळले तर रिंग नसतानाही चाक मध्यावर बसू शकतं. सारथींचं हलतंय ते बहुधा पोराने एक नट पूर्ण आवळून मग दुसऱ्याला हात घातला म्हणून. एअरगनने टर्रर्र करून मोकळे होतात, टॉर्क रेंच, म्हणजे मोजून आवळायचा पाना, दुकानात भिंतीला टांगलेला असतो, उदबत्ती लावायला.

पीसीडीबाबत मात्र कट्टेकर शंभर टक्के बरोबर.

बिनधास्त सारथी

बघा! इंजिनिअर माणूस म्हणतोय रिंग लागत नाही.

डिप्लोमा मेकॅनिकल

मी असं म्हटलेलं नाही. नीट वाचा.

नाना पेठेतला पानेवाला

दोघंही नटाचं बूड बघायला विसरले. होंडाच्या कंपनीच्या अलॉयला नटाची बैठक गोल असते, चेंडूसारखी. मारुती, ह्युंदाईची शंकूची. होंडाचं सेकंडहँड अलॉय स्वस्तात मिळालं म्हणून लोक डिझायरला लावतात आणि नट जुनेच ठेवतात. गोल खड्ड्यात शंकू बसवला की तो कडेच्या एका रेषेवरच टेकतो. आज घट्ट वाटतो, दोन आठवड्यांनी सैल. आट्यांचंही तसंच. मारुतीला १२×१.२५, ह्युंदाईला १२×१.५. दुसऱ्याचा नट गनने चढवला की स्टडचे, म्हणजे नट ज्यावर चढतो त्या दांड्याचे, आटे गेले.

हाताने करून बघायचं सोपं आहे. चाक चढवा, पाना बाजूला ठेवा, नट बोटांनी फिरवा. पाच-सहा आटे बोटांनी गेला पाहिजे. अडला तर जबरदस्ती नको. मग स्टिअरिंग दोन्हीकडे पूर्ण वळवून टायर आणि स्ट्रटच्या (आतल्या सस्पेन्शनच्या दांड्याच्या) मधे बोट जातं का बघा. शंभर किलोमीटरच्या आत पुन्हा एकदा नट तपासून घ्या. गिऱ्हाईक परत येत नाही, आम्ही ओरडून थकतो.

लोखंडी रिम

मुळात अलॉय कशाला? बायकापोरांना घेऊन फिरायची गाडी आहे, लग्नाची वरात नाही. स्टीलची रिम खड्ड्यात वाकते, अलॉय तडकतं. वाकलेली रिम खोपोलीत हातोड्याने सरळ करून घेतली आणि त्याच दिवशी घर गाठलं. अलॉयला तडा गेला की वेल्डिंग करून देणारे आहेत, पण त्या चाकावर मी तरी माझ्या आईला बसवणार नाही.

आणि इंच वाढवायचा शौक असणाऱ्यांनी टायरची भिंत मोजावी. १६५/८० ची भिंत १३२ मिमी, १८५/६५ ची १२०, १९५/५५ आर १६ ला गेलात की १०७. बाहेरचा व्यास तोच राहिला म्हणून खूश होता, पण खड्डा झेलायचं काम हवेने करायचं असतं, रिमने नाही. महापालिका खड्डे बुजवत नाही, वर रोड टॅक्स एकरकमी आधीच घेतलाय. पंधरा वर्षांचा! कुठल्या रस्त्यासाठी घेतला तो? आमच्या सोसायटीसमोर गॅसची लाइन टाकायला खणलं, बुजवलं, मग केबलवाल्याने खणलं...

एक वाचक

खड्ड्यांचा वेगळा धागा आहे. कृपया तिकडे.

स्टुटगार्टकर

इकडे जर्मनीत हा वादच होत नाही. बाजारचं चाक घेतलं तर ते तुमच्या नेमक्या मॉडेलवर चालतं असं प्रमाणपत्र सोबत लागतं. ते नसेल तर गाडी रस्त्यावर चालवायची परवानगीच संपते. हिवाळ्याचे टायर वेगळ्या रिमांवर चढवून तळघरात ठेवलेले असतात, वर्षातून दोनदा चाकं बदलतो. त्यामुळे पीसीडी, ईटी शेजारच्या आजीबाईंनाही माहीत असतं.

लोखंडी रिम

आजीबाईंना नमस्कार सांगा. तिकडचे रस्तेही पाठवून द्या पार्सलने.

डिप्लोमा मेकॅनिकल

नियम इकडेही आहेत. जानेवारी २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट सांगितलंय, कंपनीच्या मूळ तपशिलाशी विसंगत बदल गाडीत करता येणार नाहीत. रिमवर आयएसआयची खूणही बघून घ्यावी. विचारतंय कोण, हा भाग वेगळा.

नाशिकची वहिनी

इतका वेळ वाचतेय, पण स्टेपनीचं कोणीच बोललं नाही.

आमच्या ह्यांनी चार अलॉय घेतले, पाचवं नाही. स्टेपनी जुनीच, स्टीलची. अलॉयबरोबर दुकानदाराने नवे नट दिले, जुने स्वतःकडे ठेवून घेतले. कसारा घाटाच्या अलीकडे चाक पंक्चर झालं. रात्र, पाऊस, मागच्या सीटवर सासूबाई. मालट्रकमधला माणूस मदतीला आला. स्टेपनी लावली तर अलॉयचा नट तिला नीट घेईना. लांब मानेचा, पातळ नळीच्या पान्याने उघडणारा. तीन नटांवर कशीबशी इगतपुरी गाठली, तीसच्या वेगाने. सासूबाई वाटभर रामरक्षा म्हणत होत्या आणि मधे मधे माझ्याकडे बघत होत्या, जणू अलॉय मी पसंत केले.

तेव्हा नट बदलणार असाल तर जुन्या नटांचा सेट स्टेपनीबरोबर डिकीत ठेवा. तो पातळ पानाही.

नाना पेठेतला पानेवाला

वहिनींना सलाम. हे मी रोज सांगतो, लोकांना वाटतं नट विकायला बसलोय.

सीएनजी ग्रस्त

तुम्हाला निदान स्टेपनी काढता तरी आली. आमच्या सीएनजी गाडीत डिकीत सिलिंडर, त्याला खेटून उभी बांधलेली स्टेपनी, त्यावर सामान. पंक्चर झालं की आधी अख्खा संसार रस्त्यावर मांडायचा. शेगावला जाताना आजोबांची वळकटी हायवेवर उलगडलीय मी.

लोखंडी रिम

टाटाने दोन लहान सिलिंडर करून डिकी वाचवली ना. स्टेपनी गाडीखाली नेली.

सीएनजी ग्रस्त

म्हणजे चिखलात झोपून काढायची. आणि गाडीखालच्या स्टेपन्या चोरीला जातात. इनोव्हावाल्यांना विचारा, साखळी-कुलूप लावून फिरतात.

बिनधास्त सारथी

स्टेपनी हवीच कशाला? पंक्चर किट ठेवा. २०२० पासून कायद्यातही सूट आहे, ट्यूबलेस टायर, हवेच्या दाबाचे सेन्सर आणि किट असेल तर स्टेपनी नसली तरी चालते. कित्येक इलेक्ट्रिक गाड्यांत येतच नाही.

नाशिकची वहिनी

किट खिळ्याला चालतं. टायरची भिंत फाटली तर काय, दोन्ही हातांनी दाबून धरू?

बिनधास्त सारथी

वहिनी, टो सर्व्हिस असते हल्ली.

नाशिकची वहिनी

घाटात रेंज असेल तर. तुम्ही एकटे गोव्याला जाणारे, तुम्हाला काय कळणार.

बिनधास्त सारथी

एकटा जातो हे कोणी सांगितलं? वैयक्तिक होऊ नका.

स्टुटगार्टकर

आमच्याकडे बऱ्याच नव्या गाड्यांत स्टेपनी नसतेच, आणि

लोखंडी रिम

पाठवा, ते पण पार्सलमध्ये पाठवा.

गॅरेजसमोरचा कट्टा

धागा चाकांचा होता हे कोणाला आठवतंय का?

तरी स्टेपनी आलीच आहे तर सांगतो. डिझायरवाल्याची १४ इंची स्टेपनी १५ इंची अलॉयबरोबर खुशाल चालेल, व्यासात दोन मिमीचाही फरक नाही. पण दुकानदाराने ‘भरलेलं दिसतं’ म्हणून १९५/६५ आर १५ गळ्यात मारलं तर व्यास ६३४.५ होतो. मग पुढच्या दोन चाकांत १५ मिमीचा फरक, दोन चाकांना वेगवेगळ्या वेगाने फिरू देणारं डिफरन्शियल सतत काम करत राहणार. अशा वेळी स्टेपनी मागे लावायची, मागचं चाक पुढे आणायचं आणि हळू जायचं.

टायरवरचा भारांकही बघा, एक टायर किती वजन पेलतं त्याचा आकडा. ८५ म्हणजे ५१५ किलो, ८८ म्हणजे ५६०. कंपनीने दिलाय त्याच्या खाली जायचं नाही. पाच माणसं बसतात त्या गाडीत.

लोखंडी रिम यांच्याशी एका बाबतीत सहमत, १६ इंच आपल्या रस्त्यांवर नको. खड्ड्यांच्या निबंधाशी नाही.

लोखंडी रिम

सहमती पावली. निबंधाचा भाग दोन लिहितोय.

बिनधास्त सारथी

आज कामानिमित्त नाना पेठेत होतो म्हणून सहज रिंगा विचारल्या. सहज. ५४.१ आतून, ६७.१ बाहेरून. दुकानदार म्हणाला अ‍ॅल्युमिनिअमच्या घ्या, प्लास्टिकच्या ब्रेकच्या उष्णतेने मऊ पडतात. घेतल्या, कारण स्वस्त होत्या. याचा अर्थ कोणाचं म्हणणं पटलं असा होत नाही.

गॅरेजसमोरचा कट्टा

अजिबात नाही. आता पुन्हा नव्वदला नेऊन बघा आणि स्टिअरिंग कसं आहे ते कळवा. सहज.

डिप्लोमा मेकॅनिकल

बसवताना नट समोरासमोर आवळायला सांगा. नाहीतर रिंगेने थरथर गेली की माझ्यावर खापर.

नाना पेठेतला पानेवाला

सारथी, अ‍ॅल्युमिनिअमची रिंग पावसात हबला चिकटून बसते, पुढच्या वेळी चाक लाथा मारून काढावं लागतं. हबला ग्रीसचा अगदी पातळ हात द्या. स्टडला नाही, फक्त हबला.

बिनधास्त सारथी

आता हे आधी सांगायला काय झालं होतं?