मदत हवी आहे: बोटाचा सांधा निखळला, कोड कोणता लावू?

नमस्कार मंडळी, मी फोंड्याची, मेडिकल कोडिंग (पेशंटच्या नोंदी वाचून निदानाला ठरलेला कोड लावणं) शिकतेय, अमेरिकन चार्टांची प्रॅक्टिस चालू आहे आणि एका ठिकाणी गाडी अडलीय. चार्टमधला पेशंट फुटबॉलचा गोलकीपर (आमच्या गोव्यात ही केस घरोघरची!), उजव्या अनामिकेचा मधला सांधा म्हणजे पीआयपी निखळलेला, एक्स-रेमध्ये फ्रॅक्चर नाही, इमर्जन्सीत सांधा बसवला आणि पुढे ऑर्थोकडे पाठवला. आयसीडी-१०-सीएममध्ये (अमेरिकेतली निदानांच्या कोडची यादी) मी एस६३.२८४ धरला, सातवं कॅरेक्टर ए, म्हणजे उपचार चालू. इथपर्यंत बरोबर ना?

आता ऑर्थोने लिहिलंय "व्होलर प्लेट फाटल्याची शंका" (व्होलर प्लेट म्हणजे सांध्याच्या तळव्याकडच्या बाजूची जाड पट्टी), आणि ओपीडीत नुसत्या शंकेवर कोड लावायचा नसतो म्हणून मी त्याचा कोड एस६३.४३ सोडला, पण समजा पुढे एमआरआयमध्ये ते पक्कं झालं तर दोन्ही कोड एकत्र लावता येतात का? एस६३.६च्या मुरगळण्याबरोबर एस६३.४ (बोटाचा लिगामेंट फाटणं, एस६३.४३ याच गटातला) चालत नाही हे माहीत आहे, निखळण्याचं काय ते नीट कळत नाहीये.

आणि खरा घोळ सातव्या कॅरेक्टरचा, ए की डी (डी म्हणजे मुख्य उपचारानंतरची, बरं होतानाची भेट). ऑर्थो पहिल्यांदाच बघतोय, स्प्लिंट लावून उपचार तोच सुरू करतोय, म्हणून मला ए वाटतो, कारण डॉक्टर बदलला म्हणून डी होत नाही. मैत्रीण म्हणते सांधा बसवून झाला म्हणजे डी.

आपल्याकडच्या क्लेममध्ये डब्ल्यूएचओच्या आयसीडी-१०चा एस६३.१ पुरतो, तिथे कुठलं बोट ते सांगावंच लागत नाही, म्हणून इथल्या ओळखीच्यांना विचारून उपयोग होईना. ऑर्थोचे चार्ट रोज करणारं कोणी असेल तर कारणासकट सांगा प्लीज, मला नुसतं उत्तर नको, समजून घ्यायचंय. देव बरें करूं!